पोलिसांपेक्षा बाबांची भीती

"मुलगा मोबाइलवर पायरेटेड सिनेमे बघतो, कितीही सांगा, ऐकत नाही." ही तक्रार घेऊन पालक माझ्याकडे, समुपदेशकाकडे, सारखे येतात. मी मुलाला दोन शब्द सुनवावेत, अशी त्यांची अपेक्षा असते. मी त्यांना दहावीतल्या एका मुलाचं सांगते. (ओळख बदलली आहे.)

त्याची झोप उडाली होती. आईला प्रेमप्रकरणाचा संशय. कितीतरी भेटी "काही नाही, मॅडम" यातच गेल्या. एकदा विचारलं, "घरी कळलं तर वाईटात वाईट काय होईल?"

"पोलीस नेतील."

"त्याहून वाईट?"

तो नखं कुरतडत राहिला. मीही गप्प बसले. मग म्हणाला, "बाबांना कळेल. ते म्हणतील, हा वायाच गेलाय."

आणि सगळं बाहेर आलं. फुकट सिनेमाची साइट, 'प्लेयर अपडेट करा'चं बटण, मग स्क्रीनभर अशोकस्तंभ आणि 'अश्लील मजकूर पाहिल्याबद्दल फोन लॉक केला आहे, दंड भरा'. आईच्या यूपीआयवरून त्यानं पैसे भरले होते.

"तू चूक केलीस. म्हणून तू वाया गेलास का?"

त्यानं पहिल्यांदा माझ्याकडे नीट पाहिलं. घटनेपेक्षा आपण स्वतःवर मारलेला शिक्का माणसाला जास्त छळतो, हे मी कायम मानत आले. त्या दिवशी आणखी एक उमगलं: ठगांची सगळी भिस्त याच शिक्क्यावर असते. चोरून बघणारा तक्रार करायला जाणार नाही, हे ते धरूनच चालतात.

म्हणून पालकांनो, धाक दाखवण्याआधी मुलाला सांगता येईल असं घर ठेवा. खरे पोलीस स्क्रीनवर दंड मागत नाहीत. पैसे न भरता ते पान बंद करा, अनोळखी एपीके (अ‍ॅप बसवायची फाइल) आणि तिनं बसलेलं अ‍ॅप काढून टाका. अशा अ‍ॅपला एसएमएस वाचायची परवानगी दिली की ओटीपीही ठगांच्या हाती जातो. पैसे गेलेच तर लगेच बँकेला कळवा, १९३० वर फोन करा. कायदाही मुलांना नीट सांगा: थिएटरात चोरून चित्रीकरण करणाऱ्याला सिनेमॅटोग्राफ कायद्याच्या २०२३च्या दुरुस्तीनुसार तीन महिने ते तीन वर्षं कैद आणि किमान तीन लाख दंड आहे. त्या चोरीला गिऱ्हाईक आपणच पुरवतो, हे मुलांना समजतं. त्या दहावीतल्या मुलालाही समजलं: फुकट सिनेमाच्या साइटची वर्गाच्या ग्रुपवर टाकलेली लिंक त्यानं स्वतःहून काढली आणि खाली लिहिलं, 'उघडू नका, माझे पैसे गेलेत.'