विडंबन, विडंबना की विटंबना?

इथल्याच, इंदूरच्या रामबागेतल्या एका ताईंचा प्रश्न आहे. त्यांचा मुलगा टीव्हीवर लटक्या बातम्यांचा विनोदी कार्यक्रम बघतो. निबंधात त्यानं लिहिलं, 'ही बातम्यांची विडंबना आहे.' आजीनं विचारलं, 'अरे, बातम्यांची विटंबना कोणी केली?' तर बरोबर कोण?

ताई, आजींचा कान शाबूत आहे, पण त्या जागी हवा तो शब्द तिसराच: विडंबन. नपुंसकलिंगी.

तिघं एकाच घरचे. संस्कृतात 'विडम्ब्' म्हणजे नक्कल करणं, हसं करणं. हिंदीत विडंबना दैवाच्या थट्टेकडे वळली, 'कैसी विडंबना है' हे आपण रोज ऐकतो. मुलाच्या निबंधात ती तिथूनच शिरली. मराठीत 'ड'चा 'ट' झाला आणि नुसती अप्रतिष्ठा उरली. विटंबना पुतळ्याची होते, प्रेताची होते. नकलेचा अर्थ सांभाळला तो विडंबनानं. अत्र्यांनी केशवकुमार या नावानं 'झेंडूची फुले'त (१९२५) कवितांचं केलं ते हेच.

'व्यंग्य कार्यक्रम' मात्र मराठीत नको. हिंदीतलं व्यंग्य व्यंजनेतून आलेलं. आपल्या तोंडी शेवटचा 'य' गळतो आणि उरतं व्यंग, म्हणजे अंगातलं न्यून. व्यंगचित्र रुळलंय, त्याला हात लावू नये.

मग उपहास का नको? उपहासाला मूळ नमुना लागत नाही, विडंबनाला लागतो. जसपाल भट्टींचा 'फ्लॉप शो' (१९८९) उपहास. त्यातली शेवटची गाणी तेवढी सिनेगीतांची विडंबनं. उलट बीबीसीच्या 'द डे टुडे'त (१९९४) निवेदकाची करडी मुद्रा, छाती दडपणारं संगीत, सगळा थाट अस्सल बातम्यांचा आणि मजकूर तद्दन वेडगळ.

त्याच मंडळींपैकी क्रिस मॉरिस यांनी पुढे 'ब्रास आय' (१९९७) केलं. 'केक' नावाचं अस्तित्वातच नसलेलं अमली द्रव्य रचून त्याविरुद्ध नामवंतांकडून कॅमेऱ्यासमोर गंभीर इशारे वदवून घेतले. खासदार डेव्हिड अमेस यांनी तर त्यावर थेट ब्रिटिश संसदेत प्रश्न विचारला! कार्यक्रमापुरतं ते विडंबनच. संसदेपुरतं विटंबना म्हटलंत तर आजी हरकत घेणार नाहीत.