एवढे नट एकाच वेळी?

प्रश्न : ‘अ‍ॅव्हेंजर्स : एंडगेम’मध्ये (2019) इतके नट एका चौकटीत दिसतात. सगळे खरंच एकत्र उभे असतात का?
– एक वाचक, परभणी

उत्तर : दरवेळी नाही, दादा. एकाच्या तारखा मिळाल्या तर दुसऱ्याच्या नसतात. मग एकजण निळ्या पडद्यापुढं, काठीला लावलेल्या चेंडूकडं बघून संवाद म्हणतो; समोरचा नट नंतर जोडतात. नजर बोटभर चुकली तरी खटकतं. अंबाजोगाईत नाटक बसवताना मी पोरांना आधी नजरच शिकवतो. चित्रपटातल्या टोनी स्टार्क (आयर्न मॅन) या नायकाच्या अंत्यविधीला मात्र सगळी मंडळी खरोखर जमवली होती. गुपित फुटू नये म्हणून त्या प्रसंगाला ‘लग्न’ म्हणत! कॅमेरा चेहऱ्यांवरून सलग सरकत जातो, ते पुन्हा बघा. शेवटच्या लढाईपेक्षा मला तोच प्रसंग मोठा वाटतो.