वाचकांचे प्रश्न : आडवाटेच्या मोहिमा आणि दडवलेल्या वस्तू

मागील अंकात साहसी व्हिडिओ गेमविषयी प्रश्न मागवले होते. सीमाभागातून आलेल्या पत्रांपैकी चार पत्रांना येथे उत्तरे देत आहे. चारही पत्रे मुख्य कथेबाहेरच्या कामांविषयी, म्हणजे साइड क्वेस्ट आणि लपवलेल्या वस्तूंविषयी आहेत.

प्रश्न : मी अभियांत्रिकीच्या दुसऱ्या वर्षाला आहे. मावसभावाच्या निन्टेंडो स्विचवर 'द लेजंड ऑफ झेल्डा : ब्रेथ ऑफ द वाइल्ड' खेळतो आहे. ९५ तास झाले, जागोजागी लपलेल्या कोरोक नावाच्या छोट्या वनजीवांच्या २१४ बिया मिळाल्या. एकूण ९०० आहेत असे कळल्यापासून मुख्य कथा सोडून मी त्यांच्याच मागे लागलो आहे. सगळ्या मिळवाव्यात का? आणि नकाशा न बघता त्या सापडतात कशा? — एक विद्यार्थी, निपाणी

उत्तर : सगळ्या मिळवण्याचे ध्येय ठेवून खेळू नका. शस्त्रे, धनुष्ये आणि ढाली ठेवण्याच्या साऱ्या जागा वाढवून घेण्यासाठी ४४१ बिया पुरतात. त्यापुढच्या ४५९ बियांनी पिशवीत एकही जागा वाढत नाही, आणि ९०० पूर्ण झाल्यावर हेस्टू, म्हणजे बिया घेऊन जागा वाढवून देणारा कोरोक, जी भेट देतो तिचा लढाईत किंवा प्रवासात काहीही उपयोग नाही. गरजेच्या दुपटीहून अधिक बिया ठेवण्यामागचा हेतू मला अगदी सरळ दिसतो. खेळणारा कोणत्याही दिशेला गेला तरी त्याच्या वाट्याला काही ना काही यावे, म्हणून त्या एवढ्या पेरल्या आहेत. वेचून वेचून रान मोकळे करण्यासाठी त्या नाहीत. तुमच्याजवळ २१४ आहेत, म्हणजे उपयोगाच्या बियांपैकी जवळपास निम्म्या झाल्या. त्या अजून हेस्टूला दिल्या नसतील तर आधी शस्त्रांच्या जागा वाढवून घ्या, कारण या गेममध्ये शस्त्रे वापरता वापरता मोडतात आणि हाताशी दुसरे असावे लागते. ढालींचे नंतर पाहिले तरी चालते. प्रत्येक वाढीव जागेची किंमत चढत जाते, त्यामुळे सुरुवातीच्या जागा स्वस्तात मिळतात.

आता शोधण्याविषयी. आपण राजहंसगडावर जातो तेव्हा वाटेत विखुरलेले दगड कोणते आणि कुणी मुद्दाम रचून ठेवलेले कोणते, हे नजरेला न सांगता कळते. कोरोक शोधायला हीच नजर लागते. निसर्गात जे आपोआप घडत नाही, ते दिसले की थांबायचे. दगडांचे वर्तुळ आहे आणि त्यात एकाच दगडाची जागा रिकामी आहे. ओळीने ठेवलेल्या मूर्तींपुढे सफरचंदे आहेत आणि एकीपुढे मात्र काहीच नाही. सारखी दिसणारी तीन झाडे शेजारी उभी आहेत, पण त्यांच्या फळांची संख्या जुळत नाही. पाण्यात कमळाच्या पानांचे कडे तयार झाले आहे आणि वर उडी मारण्याजोगा कडा आहे. डोंगराच्या अगदी माथ्यावर एकटा दगड दिसला तर तो उचलल्याशिवाय खाली उतरू नका. पिवळे फूल दिसले तर त्याच्याजवळ जा. ते नाहीसे होऊन पुढे दुसरीकडे दिसते, असे करत करत शेवटी पांढरे फूल येते. एवढ्या खुणा मनात बसल्या की नकाशा उघडावा लागत नाही. पाऊस सुरू झाला की कडा चढताना गेमचा नायक लिंक याचे हात घसरतात. अशा वेळी जोर करून चढण्यात ताकद घालवण्यापेक्षा पायथ्याशी थांबून आजूबाजूला नीट पाहावे. मला स्वतःला अशा थांबण्यातच पुष्कळ बिया सापडल्या आहेत.

एका गोष्टीचे मात्र मला वाईट वाटले. तुमच्या पत्रात बियांचा हिशेब आहे, पण या गेममधल्या ७६ साइड क्वेस्टपैकी एकीचाही उल्लेख नाही. तुम्ही हातेनो गावातले पाडायला काढलेले घर वाचवले आहे का? बांधकाम करणारा बोल्सन त्यासाठी ३,००० रुपी (गेममधले चलन) आणि लाकडाच्या ३० मोळ्या मागतो. ते घर झाल्यावर त्याचा कामगार हडसन अक्काला प्रांतातल्या तळ्यामधल्या एका ओसाड खडकावर जातो आणि एकटाच दगड फोडू लागतो. तुम्ही तेथे गेलात की तो आधी १० मोळ्या मागतो, मग २०, मग ३०, मग ५०, आणि प्रत्येक वेळी एक माणूसही मागतो: गोरोन जमातीचा, गेरुडो जमातीची, रिटो जमातीचा, झोरा जमातीचा. अट एकच, नावाच्या शेवटी 'सन' असले पाहिजे. या माणसांसाठी तुम्हाला वाळवंटापासून बर्फाळ डोंगरापर्यंत सगळा मुलूख पालथा घालावा लागतो. शेवटी त्या खडकावर घरे उभी राहतात, दुकाने लागतात आणि एक लग्न होते. झाडांवर कुऱ्हाड घालून जमवलेल्या ११० मोळ्या कुठे गेल्या, ते डोळ्यांसमोर दिसते. बिया आठवडाभर बाजूला ठेवा आणि हे काम हाती घ्या. त्या वाटेवर चालताना बिया आपोआप मिळतील.

प्रश्न : मी प्राथमिक शिक्षिका आहे. मुले झोपल्यावर तासभर 'द विचर ३ : वाइल्ड हंट' खेळते. मुख्य कथा थोडी पुढे नेली आणि यादीतल्या तीन-चार साइड क्वेस्ट 'अयशस्वी' म्हणून बंद झाल्या. फार हळहळ वाटली. हे आधी कसे ओळखावे? शिवाय नकाशावर स्केलिगे बेटांच्या समुद्रात शेकडो प्रश्नचिन्हे दिसतात, ती सगळी करावीत का? — एक वाचक, खानापूर

उत्तर : दुसऱ्या प्रश्नाचे उत्तर आधी देतो, कारण ते छोटे आहे. समुद्रातली प्रश्नचिन्हे सोडून द्या. त्यातली बहुतेक चोरट्या व्यापाऱ्यांनी बुडवून ठेवलेल्या मालाची आहेत. शिडाची होडी हाकत जायचे, वरून झडप घालणाऱ्या सायरन मारायच्या, पेटी उघडायची, पुढचे चिन्ह गाठायचे. त्यात माणूस नाही, गोष्ट नाही. तुमच्याजवळ रात्रीचा एकच तास आहे, तो तेथे खर्च होऊ नये.

बंद पडणाऱ्या क्वेस्टविषयी असे की, या गेममध्ये काही साइड क्वेस्ट मुख्य कथेतल्याच माणसांच्या असतात. कथा पुढे गेली की ती माणसे दुसरीकडे जातात किंवा प्रसंगच ओलांडून जातो, आणि त्यांचे काम तेथेच संपते. सर्वांत मोठा उंबरठा म्हणजे आयल ऑफ मिस्ट्स या बेटाकडे निघण्याचा क्षण. त्याआधी नोव्हिग्राड शहरातल्या ओळखीच्या माणसांची, विशेषतः राजकारणात गुंतलेल्या कामांची यादी रिकामी करून घ्यावी. गावच्या फलकावरून घेतलेली राक्षस मारण्याची कामे सहसा बंद न पडता तशीच राहतात, त्यांची घाई नको. ओळखायची साधी रीत अशी: साइड क्वेस्ट देणारा माणूस मुख्य कथेत आधी भेटला आहे का, हे स्वतःला विचारा. भेटला असेल तर ते काम आधी. आणि मुख्य कथेचे कोणतेही मोठे पाऊल टाकण्यापूर्वी वेगळी सेव्ह (खेळ जेथवर आला त्याची नोंद) करून ठेवा. गेम स्वतः करतो त्या सेव्हवर विसंबू नका, कारण त्या एकमेकींवर चढत जातात.

तुम्ही लिहिले नाही, पण सुरुवातीच्या व्हाइट ऑर्चर्ड भागातली तव्याची क्वेस्ट तुम्ही केली असावी अशी आशा आहे. एक म्हातारी झोपडीच्या बंद दारापाशी उभी असते. कुणा अनोळखी माणसाने तिचा तवा नेला आहे आणि तो तिला परत हवा आहे, एवढेच तिचे म्हणणे. गेमचा नायक गेराल्ट दार फोडून आत जातो. आत एक प्रेत, जळालेले कागद आणि घासूनपुसून लख्ख केलेला तवा. चुलीवरचा तवा इतका स्वच्छ का, हा प्रश्न गेराल्टला पडतो आणि उलगडा होतो, की त्यावरची काजळी खरवडून कुणीतरी शाई बनवली आहे. युद्धाचे, हेरगिरीचे केवढे तरी सूत्र त्या झोपडीत दडलेले असते, आणि म्हातारीला मात्र तवा परत मिळाला यातच समाधान असते. ही क्वेस्ट पाच-दहा मिनिटांची आहे. बक्षीस म्हणावे असे फारसे काही मिळत नाही. तरीही त्या भागात कुणी मला एकच साइड क्वेस्ट निवडायला सांगितली तर मी हीच निवडीन, कारण लढाईने गावातल्या माणसांचे काय केले, हे मुख्य कथेतल्या राजांच्या संवादांपेक्षा त्या तव्यातून अधिक कळते.

प्रश्न : सुट्टीत नातू आमच्याकडे येतो. गेम खेळताना तो सरळ रस्त्याने न जाता प्रत्येक भिंतीला धडका देतो, प्रत्येक धबधब्यामागे शिरतो. विचारले तर म्हणतो, 'आजोबा, आत काहीतरी लपवलेलं असतंय.' ही लपवण्याची रीत कुठून आली? त्यात काही अर्थ आहे का? — एक ज्येष्ठ वाचक, वडगाव, बेळगाव

उत्तर : आपला नातू बरोबर बोलतो आहे, आणि या रीतीमागची हकिगत त्याला आपण सांगावी इतकी चांगली आहे. अटारी कंपनीसाठी वॉरन रॉबिनेट या प्रोग्रामरने 'अॅडव्हेंचर' नावाचा गेम बनवला; तो १९८० मध्ये बाजारात आला. त्या काळी ही कंपनी गेम बनवणाऱ्याचे नाव गेमवर छापत नसे. तेव्हा रॉबिनेटने कुणाला न सांगता गेममध्ये एक गुप्त खोली ठेवली. काळ्या किल्ल्याच्या भुयारात एक करडा ठिपका असतो. तो पडद्यावरच्या सर्वांत लहान बिंदूएवढा, आणि मागच्या रंगात मिसळून गेलेला. तो उचलून ठरावीक ठिकाणी नेला की भिंतीतून पलीकडे जाता येते, आणि आतल्या खोलीत 'हा गेम वॉरन रॉबिनेटने बनवला' अशा अर्थाची ओळ झळकते. अमेरिकेतल्या एका पंधरा वर्षांच्या मुलाला ती खोली सापडली आणि त्याने कंपनीला पत्र लिहून कळवले. तोपर्यंत रॉबिनेट नोकरी सोडून गेला होता. खोली काढून टाकण्याऐवजी कंपनीने अशा लपवलेल्या गोष्टींना 'ईस्टर एग' म्हणायला सुरुवात केली. ईस्टरच्या सणाला मुलांसाठी घरात आणि बागेत अंडी लपवून ठेवतात, त्यावरून हे नाव पडले.

तेव्हा भिंतीमागे खरोखर कुणीतरी असते, ते म्हणजे गेम बनवणारा माणूस. धबधब्यामागची गुहा रिकामी असली तर नातवाला चुकल्यासारखे वाटते, यातही अर्थ आहे. चांगले गेम बनवणारे ती रिकामी ठेवत नाहीत. एकदा त्याच्या शेजारी बसून त्याला विचारा, की ही भिंत त्याला वेगळी का वाटली. रंगातला फरक, फटीतून येणारा उजेड, वाट उगाच वळलेली असणे, असे काही तो दाखवू लागला तर तो धडका देत नसून निरीक्षण करतो आहे, असे समजावे. कारण सांगता आले नाही, तर पुढच्या भिंतीला हात लावण्यापूर्वी आधी कारण सांगायचे, असा नियम घालून द्या. खेळ अधिक रंगेल.

प्रश्न : माझे शिक्षण मराठी शाळेत झाले, सध्या दुकानात कन्नड बोलावे लागते, इंग्रजी मात्र कच्चे आहे. क्वेस्ट देणारी माणसे काय सांगतात ते अर्धेच कळते आणि मी चुकीच्या डोंगरावर जातो. काय करावे? — एक वाचक, चिकोडी

उत्तर : वर आलेल्या दोन्ही गेममध्ये मराठी नाही आणि कन्नडही नाही, त्यामुळे ही अडचण आपल्या भागातल्या पुष्कळ जणांची आहे. ती सांगायला तुम्ही संकोचला नाहीत, याचा मला आनंद आहे. 'ब्रेथ ऑफ द वाइल्ड'पासून सुरुवात करा. त्यातले बहुतेक संवाद लिहिलेले असतात आणि बटण दाबेपर्यंत पडद्यावर थांबतात, म्हणून सावकाश वाचणाऱ्याचे नुकसान होत नाही. घेतलेले काम नोंदवहीत राहते. पुन्हा उघडून वाचता येते. 'विचर'मध्ये माणसे भराभर बोलतात, तेथे सबटायटल चालू ठेवा आणि संवाद संपल्यावर क्वेस्टच्या पानावरचा मजकूर वाचा.

सगळे इंग्रजी सुधारण्याची वाट पाहू नका. चुकीच्या डोंगरावर नेणारे शब्द थोडेच असतात. समिट म्हणजे माथा, क्लिफ म्हणजे कडा, शोर म्हणजे किनारा, ग्रोव्ह म्हणजे राई, अपस्ट्रीम म्हणजे प्रवाहाच्या वरच्या अंगाला, बिनीथ म्हणजे खाली, बिहाइंड म्हणजे मागे. चार दिशा आणि सूर्य उगवण्या-मावळण्याचे शब्द यांत घाला. वहीच्या एका पानावर हे सारे मावते. दुकानातले कन्नड तुम्ही असेच, लागेल तो शब्द आधी, या क्रमाने शिकला असाल. 'ब्रेथ ऑफ द वाइल्ड'मध्ये वाटेत कुठे अकॉर्डियनचे सूर ऐकू आले तर त्या दिशेने जा. कास नावाचा पक्षीरूपी गवई तेथे असतो आणि त्याच्या गाण्यात जवळच्या लपलेल्या श्राइनचे, म्हणजे छोट्या देवळासारख्या जागेचे, कोडे असते. ते गाणे वहीत उतरवून घ्या आणि अडलेला शब्द दुसऱ्या दिवशी कुणाला तरी विचारा. श्राइन तोपर्यंत कुठेही जात नाही.