कट्टर झाल्या, नादी लागल्या की लांडग्यानं खाल्लं?

प्रश्न असा: ट्युनिशियाच्या दिग्दर्शिका कौथर बेन हानिया यांच्या २०२३ च्या 'फोर डॉटर्स' या सत्यकथेवरच्या माहितीपटाला काही मित्र मराठी सबटायटल्स करताहेत. ओल्फा या आईच्या चार मुली. त्यांतल्या थोरल्या दोघी घर सोडून लिबियात आयसिसला जाऊन मिळाल्या. त्या दोघींना 'लांडग्यानं खाल्लं' असं सुरुवातीलाच येतं. ते तसंच ठेवायचं, की 'कट्टरपंथी झाल्या' असं सरळ लिहायचं?

'कट्टर' तर नकोच. आपल्याकडे माणूस मिसळीचाही कट्टर असतो आणि क्रिकेटचाही, शिवाय त्याला त्याचा अभिमान असतो. 'मूलतत्त्ववादी' हा अग्रलेखातला शब्द. मला तर तो ऐकला की 'भूमितीची मूलतत्त्वे' आठवतात. 'फूस लावली' म्हटलं की पोलिसांत तक्रार झाल्यासारखं वाटतं. राहिलं 'नादी लागल्या'. हे अस्सल घरातलं, पण त्यात ठपका आहे: पोरी नादी लागल्या, तेव्हा आई काय करत होती? शेजारी हे खुशाल म्हणतील. आईच्या तोंडी मात्र जपून घाला. आणि नुसतं 'मुली गेल्या' तर अजिबात नको. मराठीत 'गेल्या' म्हणजे वारल्या. या दोघी जिवंत आहेत, लिबियाच्या तुरुंगात.

म्हणूनच मी आधी 'लांडग्यानं नेलं' सुचवणार होतो. आपल्या बोलण्यात पोराला वाघ, लांडगे 'नेतात'. त्यात परतीची फट थोडी तरी उघडी राहते. पण मग कुराणातला यूसुफ आठवला. भाऊ त्याला विहिरीत टाकतात आणि बापाला येऊन सांगतात, लांडग्यानं खाल्लं. यूसुफ जिवंत असतो, परमुलखात, पुढे कैदेतही. (बायबलमधल्या योसेफाच्या गोष्टीत नुसतंच हिंस्र जनावर आहे, लांडगा नाही.) म्हणजे अरबी कानाला त्या वाक्यात मरणाबरोबरच 'खरंच खाल्लं का?' हा संशयही ऐकू येत असणार. 'नेलं' केलंत की यूसुफ निसटला.

आपल्या कोकणातल्या मुसलमान प्रेक्षकाला हे न सांगता कळेल. बाकीच्यांना 'लांडगा आला रे आला' आठवण्याचा धोका आहे, आणि त्या गोष्टीत पोरगं खोटं बोलतं. तरीही मी 'थोरल्या दोघींना लांडग्यानं खाल्लं' असंच ठेवीन. लांडगा म्हणजे कोण, ते चित्रपट पुढे दाखवतोच. सबटायटलनं आधी फोडून सांगू नये.

धाकट्या बहिणी नेहमीच्या गप्पांत बोलतात तिथे मात्र बिनधास्त 'ब्रेनवॉश' लिहा. आपल्या घरातल्या मुलीही तेच म्हणतील.