तीन खुणा करू नका

"काम अंगाने सादर करतो, त्यातूनच चित्र निघतं, शेवटी फिल्म होते. अनुदानाच्या अर्जात कलाप्रकार एकच लिहा म्हणतात, काय लिहू?" तुमचा हा प्रश्न वाचून आधी हसू आलं, मग पोटात कालवलं. आठ वर्षांपूर्वी याच रकान्यात मी मोठ्या बाण्याने नाटक, चित्र, फिल्म अशा तिन्ही खुणा केल्या होत्या.

काम असं होतं. सोलापूरच्या पूर्व भागातल्या एका कारखान्यात मी पूर्ण पाळीभर मागाशेजारी उभा राहणार. धोट्यातली (आडवा धागा नेणाऱ्या नावेतली) सुताची कांडी बदलली की कागदावर कोळशाची एक रेघ, रेघेमागे कॅमेऱ्याची एक फ्रेम. कल्पना निम्मी उसनी, लपवत नाही. तेहचिंग शे या तैवानी कलाकाराने न्यूयॉर्कमध्ये १९८०-८१ साली वर्षभर दर तासाला कामगारासारखं कार्ड पंच केलं आणि दर वेळी फिल्मची एकच फ्रेम घेतली. सुरुवातीला डोकं भादरलेलं, पुढे केस वाढत जातात. अख्खं वर्ष साधारण सहा मिनिटांत सरतं. गिरणीच्या भोंग्यावर दिवस चालायचा अशा घरातल्या माणसाला हे समजावून सांगावं लागत नाही.

आमच्या फाइलीला मात्र तीन खुणांमुळे तीन टेबलं लागली. नाटकवाले म्हणाले, संहिता जोडा. म्हटलं, शब्दच नाहीत. "मग 'संहिता नाही' असं लिहून तीच संहिता म्हणून जोडा." जोडली. चित्रवाल्यांना चौकटीचं माप हवं होतं. फिल्मवाल्यांनी फाइल परत नाटकवाल्यांकडे धाडली. चौदा महिने! मंजुरीचं पत्र घेऊन कारखान्यात गेलो तर फरशीवर तेलाचे काळे चौकोन आणि बोल्टांची भोकं. माग किलोवर भंगारात गेलेले. कारखान्याचे मालक अण्णा म्हणाले, "परवडंना बे. तू येतो येतो म्हणून दोन महिने थांबलो."

त्या कचेरीला मी आजही शिव्या घालतो, पण खरी चूक माझीच. कॅमेऱ्याच्या भाड्याचे पैसे येईपर्यंत थांबलो. खिशात फोन होता की!

तेव्हा माझं मत (नियम बदललेले असू शकतात, मी काही जाणकार नाही): 'दृश्यकला' एवढंच लिहा, बाकी सगळं सोबतच्या वर्णनात कोंबा. शुद्धतावादी मित्र नाकं मुरडतील, मुरडू द्या. आणि अर्ज टाकायच्या आधी एक पाळी फोनवर शूट करून ठेवा. ट्यूबलाइटखाली शटरचा वेग १/५० किंवा १/१०० सेकंद ठेवा, नाहीतर चित्रावर पट्टे सरकतात. आवाजाची पातळी हाताने कमी करा, मागांच्या खडखडाटात फोनचा माइक फाटतो. लेन्स दर अर्ध्या तासाने पुसा, सुताचे तंतू बसतात.

तुमची जागा कुठली ते लिहिलं नाहीत. कारखाना असेल तर उत्तर नंतर द्या, आधी जाऊन माग चालू आहेत का बघून या.