सरपंचाला अपात्र ठरवलं तर हायकोर्टात पद परत मिळतं का?

तुम्ही लिहिलंय की वहिनी सरपंच होत्या, कलेक्टरनी अतिक्रमणावरून अपात्र केलं, पण सगळं गाव पाठीशी आहे, मग हायकोर्टात पद मिळेल का. मिळू शकतं, माझ्या आईला मिळालं. पण "गाव पाठीशी आहे" हे वाचलं आणि राहवलं नाही, म्हणून लिहितोय.

आईवर पण हेच कलम लावलं होतं, ग्रामपंचायत कायद्यातलं अतिक्रमणाचं १४(१)(ज-३). हरलेल्या पॅनलच्या एकाने अर्ज केला की आमची ओसरी रस्त्यात दोन फूट आलीय. आम्हाला नोटीस नाही, भूमी अभिलेखची मोजणी नाही, नुसता टेप लावून पंचनामा केला आणि पंच दोघेही त्याच पॅनलचे. कलेक्टरकडे एका तारखेला साहेब दौऱ्यावर होते, पुढची तारीख आम्हाला कळवलीच नाही आणि त्या तारखेला आमच्या गैरहजेरीत प्रकरण निकालासाठी बंद. आईला आदेश वाचून दाखवला तेव्हा ती एवढंच म्हणाली, मला कुणी विचारलं तरी का.

आता काका. काकांनी तीन दिवस दारोदार फिरून सहाशेच्या वर सह्या गोळा केल्या, ट्रॅक्टर भरून माणसं न्यायची तयारी केली. म्हणायचे कागदाने काय होतं, माणसं दाखवली की कोर्टाला कळतं. मी म्हणत होतो रोजनाम्याची, म्हणजे कलेक्टरकडे कोणत्या तारखेला काय झालं त्या नोंदीची, नक्कल काढू, त्यावर आमचं कडाक्याचं भांडण झालं, मला भित्रा म्हणाले सगळ्यांसमोर. कलेक्टरच्या आदेशावर विभागीय आयुक्तांकडे अपिलाला १५ दिवस असतात, त्यातले चार या भांडणात गेले.

आयुक्तांनी अपील फेटाळलं. मग त्याविरुद्ध हायकोर्टात रिट याचिका. वकिलांनी सह्यांचा गठ्ठा उघडला पण नाही, पिशवीत परत ठेवायला सांगितला. आधी स्टे मिळाला, आई परत खुर्चीवर बसली. शेवटी कलेक्टरचा आदेश रद्द होऊन प्रकरण नव्याने सुनावणीला खाली गेलं, आणि निकालात दोनच गोष्टी, बाजू मांडायची संधी दिली नाही आणि मोजणी झाली नाही. सह्यांचा एक शब्द नाही! पुढे मोजणी झाली तर ओसरी आमच्याच जागेत. काका अजून लग्नकार्यात सांगतात की सह्यांनी पद वाचवलं. नाही वाचवलं काका, रोजनाम्याने वाचवलं.

कोर्ट तुमची लोकप्रियता बघत नाही, आदेश कसा काढला ते बघतं. आणि निवडून आलेल्या माणसाला असं सहज काढता येत नाही हे सुप्रीम कोर्टाने उरणच्या नगराध्यक्षांच्या केसमध्ये २०१२ लाच सांगितलंय. २०२४ मध्ये जळगाव जिल्ह्यातल्या विचखेड्याच्या महिला सरपंचांचं पद परत दिलं, तिथे पण सासूच्या अतिक्रमित घरात राहतात एवढाच आरोप होता, आणि हायकोर्टात त्या हरल्या होत्या. वकिलांना हा निकाल आवर्जून दाखवा.

पण अतिक्रमण खरंच असेल तर वेगळी गोष्ट. मूळ अतिक्रमण सासऱ्यांनी केलं, आम्ही नुसते राहतो, हे २०१८ च्या सुप्रीम कोर्टाच्या निकालानंतर चालत नाही, राहणारा पण अपात्र होतो. आणि अविश्वास ठरावाने किंवा कलम ३९ खाली (गैरवर्तनासारख्या कारणावरून) काढलं असेल तर मी सांगितलं ते जसंच्या तसं लागू नाही, ३९ मध्ये आदेश आयुक्तांचा असतो आणि अपील सरकारकडे. आयुक्तांकडचं अपील सोडून थेट हायकोर्टात जाऊ नका, आधी अपील करून या म्हणून परत पाठवतात आणि तेवढ्यात मुदत जाते.

वहिनींच्या हातात आदेश कधी पडला ती तारीख बघा. रोजनामा, पंचनामा आणि नोटिसा बजावल्याची पोच, या तिन्हींच्या सही-शिक्क्याच्या नकलांसाठी उद्याच अर्ज टाका. घरातलं कुणी सह्या गोळा करायला निघालं असेल तर त्यालाच नकलेच्या रांगेत उभं करा.