जागवलेली पास मुकी झाली? आधी नंबर कुठं ठोकलाय ते बघा

भाऊ, तुमची पोस्ट वाचली अन् हातातला घास हातातच राहिला. डवऱ्याची (बैलानं ओढायच्या कोळप्याची) जागवलेली पास, म्हणजे घडवताना काय कापायचं, काय नाही याचा बोल दिलेलं पातं, दोन हंगाम पऱ्हाटीच्या (कपाशीच्या) रोपाला धक्का न लावता तण तेवढं काढत होती, अन् यंदा ऑफिसातून नोंदणी करून आणली तं पहिल्याच डवरणीत रोपं कापत सुटली. माझं 2019 ले हेच झालं. तुमचा अर्धा तास (पिकाची ओळ) गेला म्हणता, माझे अडीच तास आडवे झाले.

कोळसा बाभळीचाच, लोखंड ट्रकच्या कमानपाट्याचं, बोल ज्याचं वावर त्यानंच द्यायचा, हे तुम्हाला माहीत असणारच, ते सोडतो. अन् मी काही लोहार नाही, शेतकरी आहे, तुमच्याकडे रीत वेगळी असू शकते, मंग मले धरू नका.

तुमची पास बिघडली ती जागवताना नाही बिघडली. नंबर ठोकताना बिघडली, शंभर टक्के.

आमच्याकडे झालं असं की नोंदणीशिवाय जागवलेलं औजार वापरता येणार नाही अशी नोटीस आली, मृग लागायला आठ दिवस बाकी, अन् मी मूर्ख, तयार झालेली पास पिशवीत घालून ऑफिसात गेलो. ऑफिस कोणतं ते लिहीत नाही, उगाच कोणाचं नाव कशाला. तिथल्या साहेबांचं म्हणणं, नंबर धारेजवळच पाहिजे, नाहीतर फोटोत दिसत नाही. म्हटलं साहेब, टोकाला ठोका, जिथं दांडा बसतो तिथं. तर म्हणे फॉर्मवर तसा रकाना नाही. शिपायानं पास सिमेंटच्या पायरीवर ठेवली अन् थंड्या लोखंडावर घणानं छापा हाणला. 4 उठला, 1 उठला, 7 च्या वेळेस आवाजच बदलला. आधी ठण्ण वाजत होती ती एकदम थप्प झाली, जसा फुटका माठ वाजते. मी ऐकलं होतं भाऊ. ऐकलं, अन् तरी पावती घेऊन घरी आलो, कारण बस होती पाच वाजताची. ते मले अजून खाते.

डवरणीच्या दिवशी उजवा बैल दोनदा अडला. मले वाटलं माशी असेल, दिली एक चाबूक. मागं वळून पाहिलं तं कुंदा (तण) जागच्या जागी उभा अन् पऱ्हाटी झोपलेली.

लोहारकाकाकडे नेली तर त्यांनी हातात घेतली, नखानं वाजवली, अन् म्हणाले, "बाप्पा, हे तं मुकी झाली. कोनं ठोकलं इच्यावर?" 7 च्या पायापासून धारेपर्यंत केसासारखा तडा होता.

कारण साधं आहे. लोखंड लाल होऊन चुंबकाले चिकटायचं थांबलं की तेलात बुडवताना बोल आत शिरतो, पण बसतो तो नंतर, परत हळूहळू शेकताना, पिवळा मग तपकिरी मग जांभळा रंग पळतो तेव्हा. पासेला जांभळ्यावर थांबायचं. एवढं झाल्यावर ती कडक असते, तिच्यावर छापा मारणं म्हणजे भरल्या माठात खिळा ठोकणं. नंबर ठोकायचाच तर पाणी द्यायच्या (तेलात बुडवून कडक करायच्या) आधी, लोखंड मऊ असताना, अन् धारेपासून जितका लांब जमेल तितका. ऑफिसवाले नाही म्हटले तर पावती न घेता परत या, हंगाम गेला तरी चालेल. (हे माझं मत, तुमचं वावर तुमचं.)

भरपाईच्या फंदात पडू नका. मी पडलो. आधी म्हणे औजार जागं होतं याचा दाखला आणा, दाखला लोहाराचा पाहिजे, लोहार नोंदणीवाला पाहिजे, अन् लोहाराच्या नोंदणीचा फॉर्म संपलेला. सहा चकरा, दर चकरेला दिवसाची मजुरी बुडाली, वरून नांग्या (रोपं गेलेल्या मोकळ्या जागा) भरायले बियाण्याचा खर्च वेगळा.

अजून एक, विषय निघालाच आहे तर. जागवलेली पास ग्राइंडरवर लावू नका. ठिणग्या छान दिसतात, पण धार निळी पडली की तेवढ्या भागातलं पाणीही गेलं अन् बोलही गेला. दगडावर, पाणी टाकत, हातानं घासा. अन् बोल देताना काय कापायचं ते सांगूच नका, काय कापायचं नाही तेवढं सांगा. माझ्या शेजाऱ्यानं "गवत काप" म्हटलं होतं, ज्वारीही गवतच ना शेवटी.

अन् गावात कोणी बाबा उतारा करून पास जागवून देतो म्हणून पैसे मागत असेल तर हाकला, 2013 चा जादूटोण्याचा कायदा अशांसाठीच आहे. तडा गेलेली पास कोणाच्या बापाले जागवता येत नाही, परत भट्टीत घालून नवीन घडवावी लागते.

तडा आहे की नाही ते आधी बघा. नंबरभोवती रॉकेल लावा, दहा-पंधरा मिनिटं ठेवा, कोरड्या फडक्यानं स्वच्छ पुसा अन् वरून शाळेतला खडू घासा. तडा असेल तर आतलं रॉकेल वर येते अन् खडूवर ओली रेघ उठते. तिचा उजेडात काढलेला फोटो टाका इथं, रेघ धारेपर्यंत नसेल तर कापून आखूड पास करता येईल का ते काकांना विचारून सांगतो.